आठ विजेतेपदे आणि एक न मिळालेली पदवी

जेसी ओवेन्स हे नाव उच्चारले की क्रीडारसिकांना १९३६ चे बर्लिन आठवते. नाझी राजवटीच्या राजधानीत, हिटलरच्या डोळ्यांदेखत चार सुवर्णपदके जिंकणारा कृष्णवर्णीय अमेरिकन धावपटू ही त्याची प्रतिमा मनात इतकी घट्ट ठसली आहे की तिच्या तेजात त्याच्या कर्तृत्वाचा दुसरा भाग झाकोळून गेला. हा दुसरा भाग महाविद्यालयीन मैदानांवर घडला. ऑलिम्पिकमध्ये ओवेन्स एकदाच उतरला. परंतु अमेरिकेच्या राष्ट्रीय महाविद्यालयीन मैदानी स्पर्धांत त्याने सलग दोन वर्षे प्रत्येकी चार विजेतेपदे पटकावली आणि एका विभागीय आंतरविद्यापीठ स्पर्धेत पाऊण तासात जो पराक्रम केला, त्याला मैदानी खेळांच्या इतिहासात तोड नाही. ज्या विद्यापीठाच्या वतीने तो हे करीत होता, त्याने त्याला ना क्रीडा शिष्यवृत्ती दिली, ना वसतिगृहात खोली. तेथून तो बाहेर पडला तोही पदवीविना. महाविद्यालयीन खेळाने ओवेन्सला काय दिले आणि त्याच्याकडून काय घेतले, याचा हिशेब मांडल्याखेरीज त्याचे चरित्र पुरे होत नाही.

अमेरिकेतील महाविद्यालयीन मैदानी स्पर्धांची परंपरा एकोणिसाव्या शतकातली. पूर्वेकडील जुन्या महाविद्यालयांनी १८७५ मध्ये एकत्र येऊन आपली संघटना स्थापन केली आणि पुढच्याच वर्षी न्यूयॉर्क राज्यातील सॅराटोगा येथे पहिली अजिंक्यपद स्पर्धा भरवली. हळूहळू मध्य-पश्चिमेकडील मोठ्या विद्यापीठांनीही आपली स्वतंत्र विभागीय स्पर्धा सुरू केली. हाच विभाग पुढे ‘बिग टेन’ या नावाने प्रसिद्ध झाला. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात नॅशनल कॉलेजिएट ॲथलेटिक असोसिएशन, म्हणजे एनसीएए, ही देशव्यापी संस्था उभी राहिली. या संस्थेने भरवलेली पहिली राष्ट्रीय स्पर्धा फुटबॉलची नव्हती, बास्केटबॉलचीही नव्हती. ती पुरुषांच्या मैदानी खेळांची होती. १९२१ मध्ये शिकागो विद्यापीठाच्या स्टॅग फील्डवर ती झाली आणि सांघिक विजेतेपद इलिनॉय विद्यापीठाने मिळवले.

या स्पर्धांचे व्याकरण साधे होते. प्रत्येक प्रकारातील क्रमांकांना गुण, गुणांच्या बेरजेवर सांघिक विजेतेपद. त्यामुळे दोन-तीन प्रकारांत हमखास पहिला येणारा एखादा खेळाडू विद्यापीठासाठी मोलाचा ठरे. मात्र खेळाडूने हौशीच राहिले पाहिजे, खेळाच्या बळावर एक पैसाही मिळवता कामा नये, हा दंडक होता. कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांना या स्पर्धांचे दार बंद नव्हते. मिशिगन विद्यापीठाच्या डीहार्ट हबर्डने १९२४ च्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये लांब उडीचे सुवर्ण जिंकले. वैयक्तिक ऑलिम्पिक सुवर्ण मिळवणारा तो पहिला कृष्णवर्णीय खेळाडू. पुढच्या वर्षी महाविद्यालयीन राष्ट्रीय स्पर्धेत ७.८९ मीटर उडी मारून त्याने विश्वविक्रमही केला. मार्क्वेट विद्यापीठाच्या राल्फ मेटकाफने १९३२ ते १९३४ अशी सलग तीन वर्षे दोन्ही वेगवान शर्यती जिंकल्या. धावपट्टी अशा रीतीने खुली होती; धावपट्टीच्या कुंपणापलीकडचे जग मात्र खुले नव्हते. ओवेन्स या दोन जगांच्या सीमेवर वाढला.

जेम्स क्लीव्हलँड ओवेन्स हे त्याचे पूर्ण नाव. १२ सप्टेंबर १९१३ रोजी दक्षिणेकडील अलाबामा राज्यातल्या ओकव्हिल या खेड्यात त्याचा जन्म झाला. दहा भावंडांत तो शेंडेफळ. गुलामगिरी कायद्याने संपून अर्धशतक उलटत आले होते. पण त्याचे वडील हेन्री दुसऱ्याच्या मालकीची जमीन वाट्याने कसत होते आणि पिकाचा मोठा हिस्सा मालकाच्या घरी जात होता. घरातल्या लहानग्यांनाही कापूस वेचावा लागे. छातीच्या विकारांनी बेजार झालेला हा अशक्त मुलगा जगेल की नाही, याचीच घरच्यांना चिंता होती. दक्षिणेतील हजारो कृष्णवर्णीय कुटुंबे त्या काळात कामधंद्याच्या शोधात उत्तरेकडच्या औद्योगिक शहरांची वाट धरत होती. ओवेन्स नऊ वर्षांचा असताना त्याचे कुटुंबही ओहायो राज्यातल्या क्लीव्हलँड शहरात येऊन स्थिरावले.

शाळेत नाव घालताना एक गंमत झाली. घरी त्याला आद्याक्षरांवरून ‘जे. सी.’ म्हणत. शिक्षिकेने नाव विचारले तेव्हा दक्षिणी हेलात उच्चारलेली ही दोन अक्षरे तिला ‘जेसी’ अशी ऐकू आली. मुलाने दुरुस्ती केली नाही आणि तेच नाव आयुष्यभर चिकटले. फेअरमाऊंट शाळेत चार्ल्स रायली या गौरवर्णीय व्यायामशिक्षकांची नजर त्याच्यावर पडली. शाळा सुटल्यानंतर सराव होत असे. पण त्या वेळी जेसीला बूट दुरुस्तीच्या दुकानात कामाला जावे लागे. रायली यांनी त्याच्यासाठी भल्या सकाळी, शाळा भरण्यापूर्वी सराव ठेवला. पोराच्या पोटात काही नाही असे दिसले की ते त्याला खाऊ घालत. धावताना चेहरा शांत ठेवावा, अंग आखडू नये, शर्यतीच्या घोड्यासारखे सहज धावावे, हे धडे त्यांनी दिले. ओवेन्सच्या धावण्यातला जो डौल पुढे जगाने वाखाणला, त्याचा पाया या सकाळच्या तासांत घातला गेला.

ईस्ट टेक्निकल हायस्कूलमध्ये असताना १९३३ मध्ये शिकागोच्या राष्ट्रीय शालेय स्पर्धेत त्याने १०० यार्डांची शर्यत ९.४ सेकंदांत जिंकली. ही त्या वेळच्या विश्वविक्रमाशी बरोबरी होती. २२० यार्ड आणि लांब उडीतही तोच पहिला आला. देशातील अनेक विद्यापीठांचे डोळे त्याच्याकडे लागले. अखेर त्याने राज्यातलेच, कोलंबस शहरातील ओहायो स्टेट विद्यापीठ निवडले. महामंदीचे दिवस होते. वडिलांना काम मिळत नव्हते आणि रूथ या शाळेतल्या मैत्रिणीपासून त्याला एक कन्या झाली होती. शिक्षणाचा खर्च भागवून घरीही पैसे पाठवणे त्याला भाग होते. विद्यापीठाच्या हितचिंतकांनी त्याच्यासाठी शिष्यवृत्तीऐवजी नोकरी पाहिली. राज्याच्या विधानभवनात लिफ्ट चालवण्याचे ते काम होते, आणि तीही दर्शनी भागातली नव्हे, मागच्या बाजूची, सामानाची लिफ्ट. रात्री कामावर असताना लिफ्टला घंटा वाजेपर्यंत जो वेळ मिळे, तो अभ्यासाचा.

विद्यापीठाचा परिसर विस्तीर्ण होता. त्यात ओवेन्सला राहायला जागा नव्हती. कृष्णवर्णीय मुलांना वसतिगृहात प्रवेश नसल्याने तो आणि त्याचे मोजके सहकारी बाहेर भाड्याच्या घरात राहत. परिसराभोवतालची उपाहारगृहे त्यांना वाढत नसत. म्हणून घरीच स्वयंपाक करावा लागे. संघ स्पर्धेसाठी परगावी निघाला की हे अंतर अधिकच जाणवे. वाटेत गौरवर्णीय खेळाडू उपाहारगृहात बसून जेवत आणि ओवेन्स व त्याचे सोबती मोटारीत बसून बांधून आणलेले खात किंवा कृष्णवर्णीयांसाठीचे वेगळे ठिकाण शोधत. मुक्कामाच्या हॉटेलांतही तीच गत. संघाला गुण मिळवून देणारा हा खेळाडू संघाच्या पंगतीला मात्र चालत नव्हता.

प्रशिक्षक लॅरी स्नायडर यांच्या रूपाने त्याला दुसरा जाणकार गुरू भेटला. स्नायडर स्वतः अडथळ्यांच्या शर्यतीत धावलेले. त्या काळी प्रथम वर्षाच्या विद्यार्थ्याला विद्यापीठाच्या मुख्य संघातून खेळता येत नसे. १९३३-३४ चे ते सक्तीचे विश्रांतीचे वर्ष स्नायडर यांनी तंत्र घोटवण्यासाठी वापरले. ओवेन्स सुटताना मागे राहत असे. त्यासाठी त्यांनी त्याची बसण्याची ढब बदलली, अंग आखूडते घ्यायला शिकवले. लांब उडीत हवेत पाय कसे चालवायचे, हेही त्यांनी शिकवले. सुटण्यासाठी आजच्यासारखे ठोकळे नव्हते. कोळशाच्या राखेच्या धावपट्टीत धावपटू स्वतःच लहान खुरप्याने खळगे खणत आणि त्यांत पाय रोवत. १९२९ मध्ये ओहायो स्टेटच्याच जॉर्ज सिम्प्सनने महाविद्यालयीन राष्ट्रीय स्पर्धेत ठोकळे वापरून १०० यार्ड ९.४ सेकंदांत पार केले होते. परंतु ठोकळे वापरले म्हणून तो विक्रम नाकारण्यात आला. ओवेन्सचे सारे विक्रम खळग्यांतून सुटून झालेले आहेत, हे ध्यानात घेतले म्हणजे त्यांचे मोल अधिक उमगते.

२५ मे १९३५ हा शनिवार उजाडला तो काळजी घेऊन. मिशिगन विद्यापीठाच्या ॲन आर्बर येथील फेरी फील्डवर ‘बिग टेन’ विभागाची अजिंक्यपद स्पर्धा होती. काही दिवसांपूर्वी मित्रांशी मस्ती करताना ओवेन्स जिन्यावरून घसरून पडला होता. पाठ इतकी दुखत होती की वाकणे मुश्कील. गरम पाण्याचा शेक झाला, मालिश झाले, तरी आराम पडेना. स्नायडर त्याला उतरवायला तयार नव्हते. निदान १०० यार्ड धावून पाहू, मग ठरवू, असा त्याने आग्रह धरला.

सव्वातीन वाजता १०० यार्डांची शर्यत सुटली. ओवेन्सने ती ९.४ सेकंदांत जिंकून विश्वविक्रमाशी बरोबरी साधली. सुटण्याच्या क्षणी दुखणे जणू विसरले गेले होते. दहा मिनिटांनी तो लांब उडीच्या फळीकडे आला. वाळूच्या हौदाशेजारी जपानच्या चुहेई नांबूच्या ७.९८ मीटरच्या विश्वविक्रमाची खूण ठेवण्यात आली. पाठीचा भरवसा नसल्याने ओवेन्सने एकच उडी मारायचे ठरवले. ती उडी ८.१३ मीटर भरली. आठ मीटरची सीमा मानवाने प्रथमच ओलांडली, तीही तब्बल तेरा सेंटीमीटरने. तीन वाजून चौतीस मिनिटांनी सरळ धावपट्टीवरची २२० यार्डांची शर्यत त्याने २०.३ सेकंदांत जिंकली. चार वाजता २२० यार्डांच्या ठेंगण्या अडथळ्यांच्या शर्यतीत २२.६ सेकंद अशी वेळ दिली. २३ सेकंदांच्या आत ही शर्यत कोणीच पूर्ण केली नव्हती. २२० यार्ड हे अंतर २०० मीटरपेक्षा किंचित जास्त असल्याने शेवटच्या दोन्ही वेळा २०० मीटरचेही विश्वविक्रम म्हणून नोंदल्या गेल्या. सव्वातीन ते चार या पंचेचाळीस मिनिटांत पाच विश्वविक्रम मोडले गेले आणि सहाव्याशी बरोबरी झाली. दुखऱ्या पाठीच्या, एकवीस वर्षांच्या एका विद्यार्थ्याने हे सारे केले होते.

चार आठवड्यांच्या आत राष्ट्रीय स्पर्धा आली. १९३५ ची एनसीएए स्पर्धा कॅलिफोर्नियातील बर्कले येथे झाली. ओवेन्सने १०० यार्ड, २२० यार्ड, २२० यार्ड अडथळे आणि लांब उडी असे चारही प्रकार जिंकले. सांघिक विजेतेपद सदर्न कॅलिफोर्निया विद्यापीठाकडे गेले. ओहायो स्टेट दुसऱ्या स्थानी राहिले आणि त्यांच्या खात्यातले बहुतेक सारे गुण एकट्या ओवेन्सचे होते. एका विद्यार्थ्याच्या बळावर विद्यापीठ देशात दुसरे येते, याहून त्याच्या मोलाचा पुरावा कोणता हवा?

पण याच उन्हाळ्याने त्याला दोन इशारे दिले. पहिला मैदानावरचा. जुलैमध्ये ॲमॅच्युअर ॲथलेटिक युनियन या हौशी खेळाच्या नियामक संघटनेच्या राष्ट्रीय स्पर्धेत टेंपल विद्यापीठाच्या युलेस पीकॉकने त्याला वेगवान शर्यत आणि लांब उडी या दोन्हींत हरवले. दुसरा इशारा अधिक गंभीर होता. राज्य विधिमंडळात सेवक म्हणून दाखवलेल्या नोकरीचा पगार ओवेन्स परराज्यात स्पर्धा खेळत असतानाही घेत होता, असे उघड झाले आणि त्याच्या हौशीपणाबद्दल चौकशी सुरू झाली. ती रक्कम परत करून त्याने आपले नाव निर्दोष राखले. मात्र हजारो प्रेक्षक तिकिटे काढून ज्याला पाहायला येत होते, त्याच्या महिन्याच्या पगाराची झडती घेतली जाते, ही त्या व्यवस्थेची रीत त्याला तेव्हाच कळून चुकली असावी. याच जुलैत रूथशी त्याचा रीतसर विवाह झाला.

रात्रीची नोकरी, दिवसाचा सराव, प्रवास, संसार आणि त्यातून उरलेल्या वेळात अभ्यास. गुणपत्रिकेवर त्याचा परिणाम व्हायचा तो झालाच. १९३६ च्या हिवाळ्यात गुण कमी पडल्याने त्याला विद्यापीठाच्या बंदिस्त मैदानावरील स्पर्धांत खेळता आले नाही. वसंतात तो परतला तो पूर्वीच्याच तडफेने. २० जून १९३६ रोजी शिकागोच्या स्टॅग फील्डवर, जेथे पंधरा वर्षांपूर्वी या स्पर्धेचा जन्म झाला होता, त्याने १०० मीटर १०.२ सेकंदांत धावून नवा विश्वविक्रम केला. या वर्षीही चार प्रकार, चार विजेतेपदे. सदर्न कॅलिफोर्निया पुन्हा पहिले, ओहायो स्टेट पुन्हा दुसरे. ऑलिम्पिकच्या संघात ओवेन्सबरोबर त्याचा बालपणापासूनचा सोबती, ओहायो स्टेटचाच उंच उडीपटू डेव्ह आल्ब्रिटन याचीही निवड झाली.

बर्लिनची कथा सर्वश्रुत आहे. ३ ऑगस्ट रोजी १०० मीटर १०.३ सेकंदांत, ४ ऑगस्टला लांब उडी ८.०६ मीटर, ५ ऑगस्टला २०० मीटर २०.७ सेकंदांत आणि ९ ऑगस्टला ४ बाय १०० मीटर रिले ३९.८ सेकंदांच्या विश्वविक्रमासह. रिलेत त्याला ऐनवेळी घेण्यात आले ते मार्टी ग्लिकमन आणि सॅम स्टोलर या दोन ज्यू धावपटूंना वगळून. हिटलरने ओवेन्सशी हस्तांदोलन नाकारले, ही आख्यायिका मात्र तपासून घ्यावी लागते. पहिल्या दिवशी निवडक विजेत्यांचे अभिनंदन केल्यावर, करायचे तर सर्वांचे करा, असे ऑलिम्पिक समितीने बजावले आणि हिटलरने जाहीर अभिनंदनाचा प्रकारच थांबवला. लांब उडीतला जर्मन प्रतिस्पर्धी लुत्स लाँग याने पराभवानंतर सर्वांसमक्ष ओवेन्सला जवळ घेतले. लाँगही विद्यार्थीच होता. पुढे १९४३ मध्ये महायुद्धात सिसिलीच्या आघाडीवर तो मृत्युमुखी पडला. बर्लिनच्या त्याच दिवसांत ध्यानचंद यांच्या हॉकी संघाने भारतासाठी सुवर्णपदक जिंकले आणि अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या पथकाने भारतीय खेळांची प्रात्यक्षिके जगापुढे सादर केली. मराठी माणसांच्या आठवणीत बर्लिन ऑलिम्पिकला त्यामुळे वेगळे स्थान आहे.

खरी परीक्षा सुवर्णपदकांनंतर सुरू झाली. ऑलिम्पिकचा खर्च भरून काढण्यासाठी ॲमॅच्युअर ॲथलेटिक युनियनने अमेरिकन खेळाडूंचे युरोपभर प्रदर्शनी सामने ठरवले होते. बर्लिनची स्पर्धा संपायच्या आधीपासूनच ओवेन्सची कोलोन, प्राग, बोखुम, लंडन अशी फरफट सुरू झाली. तिकिटविक्रीतला वाटा संघटनेला आणि खेळाडूला फक्त प्रवास. कधी तर खिशात जेवणापुरतेही पैसे नसत. त्याचे वजन घटले होते. मायदेशातून मोठमोठ्या रकमांच्या देकारांच्या तारा येत होत्या. लंडनहून स्वीडनला जाण्याचा हुकूम आला तेव्हा त्याने नकार दिला आणि तो घरी निघाला. स्नायडर त्याच्या बाजूने उभे राहिले. संघटनेने मात्र त्याला तत्काळ निलंबित केले. ऑलिम्पिकची चार पदके गळ्यात पडून एक महिनाही झाला नव्हता आणि ओवेन्सची स्पर्धात्मक कारकीर्द संपली. तेविसावा वाढदिवसही अजून यायचा होता. विद्यापीठाच्या संघातून खेळण्याचे एक वर्ष शिल्लक होते. १९३७ च्या महाविद्यालयीन स्पर्धेत तो काय करता, हा प्रश्न कायमचा अनुत्तरित राहिला.

न्यूयॉर्कमध्ये त्याची भव्य मिरवणूक निघाली. सत्कारासाठी वॉल्डोर्फ-अस्टोरिया हॉटेलात जाताना त्याला सामानाच्या लिफ्टने वर जावे लागले. कोलंबसच्या विधानभवनातली लिफ्ट आणि ही लिफ्ट यांच्यामध्ये चार सुवर्णपदके आली होती, पण प्रवेशाचे दार बदलले नव्हते. अध्यक्ष रूझवेल्ट यांच्याकडून ना निमंत्रण आले, ना अभिनंदनाची तार. तारेने आलेले देकार एकामागून एक हवेत विरले. अध्यक्षपदाचे रिपब्लिकन उमेदवार आल्फ लँडन यांच्या प्रचारासाठी मिळालेले मानधन हीच काय ती ठोस कमाई. लँडन यांचा दारुण पराभव झाला.

डिसेंबर १९३६ मध्ये क्युबातील हवाना येथे एका क्युबन धावपटूशी त्याची शर्यत ठरली. निलंबित खेळाडूशी धावलास तर तुझाही हौशी दर्जा जाईल, अशी तंबी मिळाल्याने त्या धावपटूने माघार घेतली. मग आयोजकांनी ओवेन्सला घोड्याशी धावायला लावले. चाळीस यार्डांची आघाडी घेऊन तो जिंकला. रायली यांनी ज्याला घोड्यासारखे सहज धावायला शिकवले होते, त्याला आता पोटासाठी घोड्याशीच धावावे लागत होते. पुढच्या काळात गावोगावी अशा करमणुकीच्या शर्यती त्याने केल्या, नृत्यवाद्यवृंदाचे नेतृत्व केले, बास्केटबॉलचा संघ घेऊन फिरला. क्लीव्हलँडमध्ये कपडे धुण्याच्या दुकानांच्या धंद्यात भागीदारी केली. तो धंदा बुडाला आणि १९३९ मध्ये त्याला दिवाळखोरी जाहीर करावी लागली.

१९४० च्या शरद ऋतूत, वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी, तीन मुलींचा हा पिता पदवी पूर्ण करण्यासाठी पुन्हा ओहायो स्टेटमध्ये दाखल झाला. स्नायडर यांनी त्याला साहाय्यक प्रशिक्षक म्हणून घेतले. पहिल्या खेपेला नोकरी आणि शर्यतींनी अभ्यास खाल्ला होता. त्या तुटीची भरपाई आता होईना. गुण पदवीच्या पातळीपर्यंत पोहोचले नाहीत आणि डिसेंबर १९४१ मध्ये त्याने विद्यापीठ कायमचे सोडले. धावपट्टीवर ज्याच्यापुढे घड्याळे हरली, तो वर्गखोलीत हरला, असे म्हणणे सोपे आहे. परंतु ज्या वयात शिकायचे त्या वयात विद्यापीठाने त्याचा वेळ कशासाठी वापरून घेतला, हेही सांगितले पाहिजे.

महायुद्धाच्या काळात त्याने नागरी संरक्षण विभागाच्या शारीरिक क्षमता कार्यक्रमाचे काम केले, नंतर डेट्रॉइटमध्ये फोर्ड कंपनीच्या कर्मचारी विभागात नोकरी केली. १९४९ मध्ये तो शिकागोला स्थायिक झाला आणि दिवस पालटू लागले. त्याच्या वक्तृत्वाला मागणी होती. शीतयुद्धात अमेरिकेला जगासमोर आपली वर्णसमतेची बाजू मांडायची होती. त्यासाठी ओवेन्सहून अधिक परिचित चेहरा नव्हता. १९५५ मध्ये अध्यक्ष आयझेनहॉवर यांच्या सरकारने त्याला सदिच्छादूत म्हणून आशियात धाडले. भारत, मलाया आणि फिलिपीन्समध्ये त्याने मुलांना धावण्याचे धडे दिले. ज्या देशाने त्याला मागच्या दाराने वर नेले होते, त्याचाच तो आता दर्शनी प्रतिनिधी होता. प्राप्तिकराची विवरणपत्रे न भरल्याबद्दल साठच्या दशकात त्याच्यावर खटला झाला, दंडावर निभावले.

१९६८ च्या मेक्सिको ऑलिम्पिकमध्ये टॉमी स्मिथ आणि जॉन कार्लोस यांनी विजयमंचावर काळे हातमोजे घातलेल्या मुठी उंचावल्या. दोघेही सॅन होजे स्टेट या महाविद्यालयाचे धावपटू, म्हणजे ओवेन्सच्याच परंपरेतले. ऑलिम्पिक समितीने त्यांची समजूत घालायला ओवेन्सला पाठवले. तरुण खेळाडूंनी त्याचे ऐकले नाही. काहींनी तर त्याला गोऱ्यांचा माणूस ठरवले. १९७० मध्ये ‘ब्लॅकथिंक’ या पुस्तकात त्याने आक्रमक चळवळीवर टीका केली. त्यावर उठलेल्या प्रतिक्रियांनी तो अंतर्मुख झाला आणि दोनच वर्षांनी ‘आय हॅव चेंज्ड’ हे आपल्या बदललेल्या मताची ग्वाही देणारे पुस्तक त्याने लिहिले. वयाच्या साठीला टेकलेल्या, सर्वत्र मानमरातब मिळत असलेल्या माणसाने आपले मत जाहीरपणे फिरवावे, याला धैर्य लागते. त्या धैर्याची गणना त्याच्या विक्रमांच्या यादीत होत नाही.

सन्मान आले ते उशिरा, पण एकापाठोपाठ आले. १९७२ मध्ये ओहायो स्टेट विद्यापीठाने त्याला सन्माननीय डॉक्टरेट दिली. १९७४ मध्ये एनसीएएने आपला सर्वोच्च थिओडोर रूझवेल्ट पुरस्कार त्याला अर्पण केला. १९७६ मध्ये अध्यक्ष जेराल्ड फोर्ड यांनी स्वातंत्र्यपदकाने त्याचा गौरव केला. धूम्रपानाचे व्यसन मात्र त्याला सुटले नव्हते. फुप्फुसाच्या कर्करोगाने ३१ मार्च १९८० रोजी ॲरिझोनातील टूसॉन येथे त्याचे निधन झाले. शिकागोच्या ओक वुड्स दफनभूमीत तो विसावला आहे.

त्याच्या पश्चात बर्लिनमधील स्टेडियमजवळच्या रस्त्याला त्याचे नाव मिळाले, अमेरिकन काँग्रेसने १९९० मध्ये मरणोत्तर सुवर्णपदक दिले आणि २००१ मध्ये ओहायो स्टेटच्या परिसरात त्याच्या नावाचे मैदानी खेळांचे स्टेडियम उभे राहिले. ॲन आर्बरची ८.१३ मीटरची उडी पंचवीस वर्षे विश्वविक्रम म्हणून टिकली. १९६० मध्ये राल्फ बोस्टन या आणखी एका महाविद्यालयीन खेळाडूने ती मागे टाकली. एकाच राष्ट्रीय महाविद्यालयीन स्पर्धेत चार विजेतेपदे मिळवण्याच्या जवळ २००६ मध्ये लुइझियाना स्टेटचा झेवियर कार्टर पोहोचला, पण त्याच्या चारांपैकी दोन रिलेची होती. चारही वैयक्तिक विजेतेपदे मिळवणारा, आणि तेही दोनदा, असा दुसरा खेळाडू या स्पर्धेने पाहिलेला नाही.

ज्या नियमांनी ओवेन्सला जखडले, ते मात्र टिकले नाहीत. जुलै २०२१ पासून अमेरिकेतील महाविद्यालयीन खेळाडूंना आपले नाव आणि प्रतिमा यांवर पैसे मिळवण्याची मुभा मिळाली. जून २०२५ मध्ये न्यायालयाने मान्य केलेल्या तडजोडीनंतर विद्यापीठांनाही खेळाडूंना थेट मोबदला देता येऊ लागला. एनसीएएच्या मैदानावर उतरणारा विद्यार्थी आज जाहिरातीचा करार करून त्याच आठवड्यात शर्यत धावू शकतो. ओवेन्सच्या काळी केवळ अशा देकारांचा विचार करणेही संशयास्पद होते आणि थकून घरी परतणे हा अपराध होता. ते नियम गेले. मात्र १९३७ चा तो हंगाम, जो त्याच्या वाट्याला कधी आलाच नाही, स्पर्धेच्या नोंदवहीत त्याच्यापुरता कोराच राहिला.